मोकळं सोडलेलं पान

काच रंगवताना मी प्रत्येक कामात एक पान मोकळं सोडते. पान नसेल तर पाकळी, पाकळी नसेल तर मोराच्या पिसातलं एखादं घर. रेषा पूर्ण काढायची, आत रंग मात्र भरायचा नाही. यवतमाळला ज्या बाईंकडे मी हे काम शिकले त्यांनी लावलेली ही सवय. त्या म्हणायच्या, "सगळंच भरून टाकलं तर पाहणाऱ्याला कळणार कसं की ही काच आहे? मग पत्राच रंगवा ना." लोकांना मात्र ते चुकल्यासारखं वाटतं. फ्रेम घरी गेली की दुसऱ्या दिवशी फोन येतो, "मॅडम, एक पान राह्यलं वाटते." मग मी समजावते. कुणाला पटतं, आणि कुणी घरच्या घरी स्केचपेनने ते भरून टाकतं. स्केचपेनने! अशा लोकांकडे मी नंतर चहासुद्धा घेत नाही.

आणि ज्या एका कामात ते पान मोकळं राहायलाच हवं होतं, तिथे मीच ते भरलं. ते आता सांगून टाकते.

मी वणीत राहते. आमच्या गावात काच रंगवणं म्हणजे रोज कोळशाशी भांडण. खाणीकडचे ट्रक दिवसभर ये-जा करतात, धूळ उडते आणि ती नेमकी ओल्या रंगावर येऊन बसते. मी काचेवर मच्छरदाणीचा तुकडा ताणून ठेवते, तरी कण जायचे ते जातातच. एकदा एका पांढऱ्या हंसाच्या मानेवर इतका कोळसा बसला की गिऱ्हाईक म्हणालं, "मॅडम, हंसाले देवी आल्या होत्या का?" मी हसले, पण रात्रभर त्या माणसावर चिडून होते.

म्हणून मोठ्या रस्त्यावरच्या एका घरच्या बाई माझ्याकडे आल्या आणि म्हणाल्या, "धुळीनं जीव खाल्ला. समोरची खिडकी उघडताच येत नाही. तं म्हटलं, बंदच ठेवाची हाये तं नक्षीची तरी करून घेऊ," तेव्हा मला ते लगेच पटलं. दुसरं काही कारण असेल असं मनातही आलं नाही. खेड्यावर त्यांची कपाशी-सोयाबीनची शेती, गावात नवीन बांधलेलं घर. घरात मुलगा, दोन वर्षांपूर्वी आलेली सून आणि लग्नाची एक मुलगी. बाई माझ्याच वयाच्या, ठसठशीत कुंकू लावणाऱ्या, मोकळ्या हसणाऱ्या. मला त्या आवडल्या. हेही सांगायला हवं, नाहीतर पुढचं ऐकून त्यांचं भलतंच चित्र उभं राहील.

मी माझी नक्षीची वही पुढे केली. मोराचं पान त्यांनी उलटून टाकलं. "याच्यात आभाळच जास्त हाये." कमळाचं तळं पाहिलं. "पाणी कोरं राह्यते." शेवटी वेलीवर बोट ठेवलं. "हे चांगली हाये. पण पानं अजून घाला. मधात जागा नको. अन् रंग असा द्या का इकून तिकडचं काहीच दिसलं नाही पाहिजे."

आता इथे मी गप्प बसले असते तरी चाललं असतं. पण माझ्या कामाबद्दल कुणी विचारलं की माझ्या तोंडाला कुलूप राहत नाही. मी त्यांना सांगत बसले की नुसता पिवळा रंग दिला तर काचेला डोळा लावून पलीकडचं सगळं दिसतं, लालातून थोडं कमी दिसतं, हिरवा मधला. पण प्रत्येक रंगात पांढऱ्याचे दोन थेंब मिसळले की रंग दुधाळ होतो. "मग उजेड आत येईल, पण माणूस दिसणार नाही," मी म्हणाले. बाई खूश झाल्या. ते वाक्य त्यांनी जाताना दोनदा म्हणून पाहिलं. वाक्य माझं होतं आणि मला त्याचा अभिमानही वाटला.

काम त्यांच्याच घरी करायचं ठरलं. सुताराने दोन्ही पल्ल्यांची तावदानं काढून दिली आणि ती बैठकीतल्या टेबलावर आडवी ठेवली. काच उभी ठेवून रंगवता येत नाही, रंग ओघळतो. पहिल्या दिवशी मी काच स्पिरिटने पुसली, वेलीचा कागद खाली चिकटवला आणि मेंदीच्या कोनासारखा कोन करून त्यात रेषा काढायची काळी लायनर भरली. तेवढ्यात सून चहा घेऊन आली आणि कप ठेवून तिथेच उभी राहिली.

"मेंदी काढता येते का?" मी विचारलं.

"येते ना ताई. आमच्या गावात सगळ्या नवऱ्या पोरींच्या हातावर मीच काढत होती."

मी तिच्या हाती कोन दिला. नवीन शिकणाऱ्याचा हात काचेवर थरथरतो, रेष कुठे जाड कुठे बारीक येते, आणि मुख्य म्हणजे शेवटी जुळत नाही. रेष जिथून सुरू झाली तिथे येऊन बंद झाली नाही तर तेवढ्या फटीतून रंग शेजारच्या घरात शिरतो. या मुलीने पहिलं पान काढलं आणि रेष अशी जुळवली की सांधा शोधूनही सापडेना. माझ्याकडे वर्षानुवर्षं वर्गाला येणाऱ्या बायकांना ते जमलेलं नाही. मी तसं मोठ्याने म्हणाले. सासूबाई आतून म्हणाल्या, "हात चांगलाच हाये तिचा." त्यात टोमणा नव्हता.

पुढचे दिवस आम्ही दोघींनी काम केलं. मी रंग कालवायची, ती पानं भरायची. ब्रशने थेंब मधोमध सोडायचा आणि मग तो हळूहळू कोपऱ्यांकडे ढकलत न्यायचा, बुडबुडा आला तर सुईने फोडायचा. एक तावदान सुकल्यावर मी ते खिडकीत उभं करून पाहिलं. ती आत, मी बाहेर रस्त्यावर. "दिसून राह्यली का मी?" मी ओरडून विचारलं. आतून थोड्या वेळाने उत्तर आलं, "नाही ताई. काहीच नाही दिसत." मी बाहेर उभी राहून स्वतःवर खूश होत होते. दिवसा बाहेरून रंगीत काच मळकटच दिसते, तिची शोभा आतून. पण खालचं एक पान अजून भरायचं राहिलं होतं, ते बाहेरून लख्ख पांढरं दिसत होतं, कारण त्याच्या सरळ रेषेत मागच्या अंगणाचं दार होतं आणि तिकडचा उजेड आरपार येत होता.

दुसऱ्या दिवशी गावचा बाजार होता. सासूबाई आणि त्यांची मुलगी भाजी आणायला गेल्या. सून माझ्यासमोर बसली, पण तिने ब्रश उचलला नाही.

"ताई, याच्यातलं एक पान मोकळं ठेवसान का? खालचं. मी खाली बसली का डोळ्यापुढं येते ते."

मी म्हटलं, काहून?

मग तिने सांगितलं. समोर रस्त्यापलीकडे कडुलिंब आहे, तिथून खेड्यांकडच्या जीपगाड्या सुटतात. तिची आई दर बाजारी गावात येते आणि परतीच्या गाडीसाठी त्या झाडाखाली उभी राहते. उभी राहते ती या खिडकीकडे पाहत. ही आतून पाहते. एवढंच. हाक नाही, बोलणं नाही. तिच्या लहान बहिणीने मागच्या वर्षी परजातीतल्या मुलाशी आपल्या मनाने लग्न केलं. आईने त्या दोघांना घरात घेतलं, आणि त्या दिवसापासून हिचं माहेर बंद झालं. जायचं नाही, त्यांनी यायचं नाही. फोन नवऱ्याच्या खिशात.

"आईनं पाह्यलं मले खिडकीत," ती म्हणाली. आई म्हणजे सासू. "मंग म्हणे खिडकीले नक्षी करू. काही बोलल्या नाही. रागावल्याबी नाही."

माझ्या हातात हिरव्या रंगाची बाटली होती. ती मी खाली ठेवली. मला त्या बाईचा राग आला आणि त्याहून जास्त स्वतःचा आला. कोळशाची धूळ! माझंही रोजचं रडगाणं तेच, म्हणून ती सबब ऐकून मी मान डोलावत बसले. मी तिला म्हणाले, "पोरी, एक पान तं मी तशीही मोकळं सोडते. माझी रीतच आहे. काळजी करू नको." किती सहज म्हणाले. ती हसली, आणि तिने तेच खालचं पान सोडून बाकी सगळी पानं त्या दिवशी संपवली.

तावदानं बसवली त्या दिवशी शेजारच्या तीन बायका पाहायला आल्या. संध्याकाळच्या तिरप्या उन्हात ती वेल अशी काही पेटली होती की फरशीवरही हिरवे-लाल तुकडे पडले होते. बायका वाहवा करत होत्या. एकीने तर लगेच तिच्या देवघराच्या दाराचं काम सांगितलं. सासूबाई मात्र तावदानाजवळ बसून तूर निवडावी तसं एकेक पान बोटाने तपासत होत्या. बोट खालच्या पानावर थांबलं.

"हे राह्यलं मॅडम."

मी म्हणाले की ते राहिलं नाही, सोडलं आहे, माझी तशी पद्धत आहे, मला शिकवणाऱ्या बाईंनी...

"तुमची पद्धत तुमच्या घरी," त्या हसून म्हणाल्या. "माझ्या घरचं काम पुरं करून द्या."

बायका हसल्या. सून हातात चहाचा ट्रे घेऊन दारात उभी होती. मी तिच्याकडे पाहिलं नाही. नाही म्हणता आलं असतं. 'रंग संपला' म्हणता आलं असतं, 'उभ्या काचेवर ओघळतो' म्हणता आलं असतं, आणि ते तर खरंही होतं. पण देवघराचं काम सांगणारी बाई समोर होती, तिघींच्या डोळ्यांत माझं कौतुक होतं, आणि मला ते तसंच राहायला हवं होतं. मी डबीत रंग घट्ट कालवला, खाली बसले आणि ते पान भरलं. एक हात दिल्यावर जरा विरळ वाटलं, म्हणून वाळू दिलं आणि दुसरा हात दिला. दुसरा हात द्या असं मला कुणी सांगितलं नव्हतं. मला माझी लाज वाटली आणि तरी काम नीट केलं, आजही त्या दुसऱ्या हाताचीच लाज जास्त वाटते.

पुढच्या बाजारी माझे पाय आपोआप त्या कडुलिंबाकडे वळले. तिथे एक बारीक, उन्हाने काळवंडलेली बाई दोन पिशव्या घेऊन उभी होती. मुलीची हनुवटी तिच्यावरच गेली होती, विचारायची गरज नव्हती. ती माझ्या वेलीकडे पाहत होती. मला बाजूला पाहून तीच म्हणाली, "ह्या खिडकीले काय झालं वं बाई?"

"रंगवली वाटते," मी म्हणाले.

"कोणं रंगवली?"

"काय माहीत," मी म्हणाले, आणि भाजी घ्यायची राहिली आहे म्हणत तिथून निघाले.

मग पावसाळा गेला. देवघराचं काम झालं, त्याच गल्लीत आणखी दोन मिळाली. सगळीकडे मी एक पान मोकळं सोडलं, आणि दरवेळी सोडताना हात जड झाला.

दिवाळीनंतर सासूबाईंचा फोन आला. "मॅडम, तुमचा रंग निघून राह्यला." बाजाराचाच दिवस होता. पिशवी घेऊन मी आधी त्यांच्याकडे गेले.

खालचं पान स्वच्छ झालं होतं. मी वाकून पाहिलं. रंग फुगून किंवा सोलून निघाला असता तर कडा फाटक्या राहिल्या असत्या आणि रेषही उचलली गेली असती. इथे काळ्या रेषेला धक्का नव्हता. आतला सगळा रंग, दोन्ही हात, कुणीतरी पिनेच्या टोकाने अगदी रेषेपर्यंत खरवडून काढला होता, पानाच्या टोकातला बारीक कोपरासुद्धा सोडला नव्हता. असं काम करणारा हात मला माहीत होता. तो हात दारात पदर धरून उभा होता.

"कच्चा होता का रंग?" सासूबाईंनी विचारलं.

खरं सांगितलं असतं तर माझ्या रंगाचं नाव राहिलं असतं. मी म्हणाले, "हो. तेवढी डबी कच्ची निघाली. उभ्या काचेवर भरलं ना शेवटी, माझीच चूक."

"मंग भरून द्या आता."

"आता तिथे रंग धरणार नाही. पुन्हा भरलं तर बाजूची पानंही उचलतील, सगळी वेल जाईल." हे धादांत खोटं होतं. पण इतक्या वर्षांच्या कामाच्या जोरावर मी ते असं सांगितलं की त्यांना पटलं. मला वाटलं, जिंकले. त्या गल्लीत पुढे माझा रंग कच्चा म्हणून बोललं गेलं आणि ठरलेलं एक काम गेलं. त्याचं मला काहीच वाटलं नाही असं नाही.

सासूबाई खिडकीजवळ खाली बसल्या. "पाहू तं, कितीकसं दिसते इतक्यातून," म्हणाल्या आणि त्यांनी पानाला डोळा लावला.

मी आणि ती मुलगी मागे उभ्या होतो. आम्हाला दोघींनाही माहीत होतं की समोर कोण उभं असेल. त्यांनी चटकन पाहून उठायला हवं होतं. त्या उठल्या नाहीत. एक ट्रक गेला, दुसरा गेला, काचा थरथरल्या, तरी त्या पाहतच राहिल्या. मला वाटलं त्यांना काही आठवत असेल, त्यांचंही कधीतरी माहेर होतंच की. मी मनात म्हणत होते, बाई, राहू द्या. एवढं एक पान राहू द्या.

त्या उठल्या तेव्हा सुनेकडे पाहिलं नाही. कपाटातून वायरींना लावायची काळी चिकटपट्टी काढली, कात्रीने पानाच्या आकाराचा तुकडा कापला आणि तो माझ्या रेषेच्या आत नीट बसवला. अंगठ्याने दाबून बुडबुडा काढला. मग माझ्याकडे वळून हळू आवाजात म्हणाल्या, "माह्याबी घरी लग्नाची पोरगी हाये मॅडम. लोक काय पाह्यतात ते मलेच माहीत." त्यांचे डोळे ओले होते. आणि पट्टी लागलेली होती.

चहा न घेता मी बाहेर पडले. या वेळी मात्र मनाशी ठरवलं होतं. पलीकडे जायचं आणि त्या आईला सगळं सांगायचं. खिडकी मी रंगवली, पान मी भरलं, तुझ्या पोरीने ते खरवडलं आणि आता तिथे पट्टी आहे, तू उगाच उन्हात उभी राहू नको.

मी रस्ता ओलांडून तिच्यासमोर जाऊन उभी राहिले. तिने मला दंडाला धरून बाजूला केलं.

"मधात नका येऊ बाई. पोरगी उभी हाये."

"कुठे?"

"ते खालचं पान पाहा. एरवी पांढरं दिसते. ते काळं झालं का समजाचं, पोरगी येऊन पाहून राह्यली. दिवाळीपासून समजलं मले." तिची नजर खिडकीवरून हलत नव्हती. "दर बाजारी बिचारी मिनिटभर येते अन् जाते. सासू असते ना. पण आज पाहा, केव्हाची उभी हाये."

जीप आली. गाडीवाल्याने तिला हाक मारली, जागा आहे, लवकर चल म्हणाला. तिने मान हलवली. "जाय बापा तू. मी मागच्या गाडीनं येतो. पोरगी उभी हाये अन् मी निघून जाऊ काय?"

जीप गेली. धूळ खाली बसली आणि पान पुन्हा दिसू लागलं, काळं कुळकुळीत. तिने एका हातातली पिशवी कोपराला अडकवली आणि हात वर केला. जड पिशवीने तो हात पुन्हा पुन्हा खाली येत होता.

"पाहा," ती म्हणाली, "हाललीबी नाही."

मला तिला सांगायचं होतं. मी तिच्या दोन्ही पिशव्या माझ्या हातात घेतल्या, म्हणजे तिला हात नीट वर करता येईल.